एका वाटाण्याचा सिनेमा

गेल्या वर्षीची दिवाळी आटोपली. पाहुणे आपापल्या गावी परतले, फराळाच्या डब्यांत चिवड्याचा चुरा आणि दोन मोडके अनारसे तेवढे उरले, आणि आमची अकरा वर्षांची नात सुट्टीचे राहिलेले दिवस कसे घालवावेत या विवंचनेत घरभर फिरू लागली. अशा वेळी वडीलधाऱ्या माणसाने तोंड मिटून बसावे. मी बसलो नाही. “झाड वाढताना कधी पाहिलं आहेस का ग?” असे सहज बोलून गेलो, आणि तिने मला धरले.

झाड वाढलेले दिसते, वाढताना दिसत नाही. पण दादासाहेब फाळक्यांनी १९१२ साली ते दाखविले होते. कुंडीत वाटाणे पेरले, समोर कॅमेरा रोवला आणि महिनाभराहून अधिक काळ त्या कुंडीची चित्रे घेतली. मग ती चित्रे एकामागून एक भराभर पडद्यावर टाकली. बी फुटले, अंकुर वर आला, वेल झाली, सारे मिनिटभरात! ‘अंकुराची वाढ’ असे त्या चिमुकल्या चित्रपटाचे नाव. ‘राजा हरिश्चंद्र’च्या आधीचा हा फाळक्यांचा प्रयोग. हे मी नातीला रंगवून सांगितले, आणि दुसऱ्याच दिवशी वाण्याकडून पांढरे वाटाणे आले.

मोबाईल ठेवायला स्टँड हवा म्हणून मी माळ्यावर चढलो (खाली उभे राहून आमच्या सौ. जे बोलल्या ते इथे देत नाही). स्टँड मिळाला. त्याच्या मागे एक चपटा, गंजलेला पत्र्याचा डबाही मिळाला. त्याची हकीकत पुढे येईल.

ठरल्याप्रमाणे आम्ही रोज सकाळी आठ वाजता कुंडीचा एक फोटो घेतला. चौतीस दिवस. नातीने शाळेची बस एकदा चुकविली, पण फोटो चुकविला नाही. पस्तिसाव्या दिवशी सर्वांना दिवाणखान्यात बसवून तिने आपला सिनेमा लावला. काही तरी हिरवे सळकन वर गेले आणि पडदा काळा झाला.

“झालं?” तिने माझ्याकडे पाहून विचारले.

झाले होते खरे. चौतीस चित्रे, सेकंदाला सोळा या वेगाने. म्हणजे सव्वादोन सेकंदांहूनही कमी. आणि मग कागद-पेन्सिल घेऊन बसल्यावर माझ्या ध्यानात आले की फाळक्यांची जी गोष्ट मी इतकी वर्षे सांगत आलो, तिचा हिशेबच जुळत नाही. गोष्टीत म्हणतात, रोज एक चित्र घेतले आणि मिनिटभराचा चित्रपट झाला. मूकपटाच्या काळी फिल्म साधारणपणे सेकंदाला सोळा चित्रे या गतीने धावे. मिनिटाला ९६० चित्रे झाली. चाळीस दिवस धरले तरी रोज चोवीस! तेव्हा एक तर फाळके दिवसातून अनेकदा त्या कुंडीपाशी वाकत असले पाहिजेत, नाही तर छापताना त्यांनी एकेक चित्र पुन्हा पुन्हा उतरविले असले पाहिजे. ‘रोज एक’ हे गोष्ट सांगणाऱ्यांचे काम. गोष्टीत ते छान दिसते.

त्या काळच्या हातदांड्याच्या कॅमेऱ्याची रीतही लक्षात घ्या. दांड्याच्या एका फेऱ्यात साधारण आठ चित्रे पडत. सेकंदाला दोन फेरे द्यायचे. अशा यंत्राकडून एकच चित्र पाडून घ्यायचे आणि थांबायचे, म्हणजे धावण्यासाठी जन्मलेल्या घोड्याला एक पाऊल टाकायला सांगून दिवसभर उभे करण्यासारखे आहे. कॅमेरा हलता कामा नये, कुंडी हलता कामा नये, उजेड बदलता कामा नये. आमच्या प्रयोगात बाराव्या दिवशी केर काढताना कुंडी बोटभर सरकली. फोटोत ते कुणाच्या लक्षातही आले नाही, पण सिनेमात मात्र रोपाने टुणकन उडी मारली! आणि ढगाळ दिवशी घेतलेल्या फोटोंमुळे सगळा पडदा डोळे मिचकावल्यासारखा लुकलुकत होता.

या फजितीतून नातीला जे कळले ते मला सत्तरी उलटेपर्यंत नीट उमगले नव्हते. सिनेमात हालणारे असे काही नसतेच. फिल्मची पट्टी हातात धरून उजेडासमोर पाहा. एकाखाली एक फोटो, सगळे स्तब्ध. पडद्यामागचे यंत्र काय करते? एक फोटो दारापुढे आणून उभा करते, त्यावर प्रकाश टाकते, मग झडप लावून अंधार करते. त्या अंधारात पट्टी पुढे सरकते आणि दुसरा फोटो येऊन उभा राहतो. पट्टी सरकताना आपल्याला कधीच दिसत नाही. जुन्या खेळांत पडदा जवळजवळ निम्मा वेळ काळाच असे, आणि आपण पैसे देऊन तो अंधारही पाहून येत होतो. आमच्या शाळेत याला ‘दृष्टिसातत्य’ म्हणत. डोळ्यांत पहिले चित्र रेंगाळते म्हणून चित्र हालते, असे मास्तर सांगत. आता जाणकार म्हणतात की ते काम डोळ्यांपेक्षा मेंदूचे आहे. दोन स्तब्ध चित्रे मिळाली की मधली हालचाल तो पदरची घालतो.

म्हणजे सारी कळ दोन फोटोंमधल्या अंतरात आहे. अमेरिकेत मायब्रिज नावाच्या छायाचित्रकाराने १८७८ साली बारा कॅमेरे एका ओळीत मांडून धावत्या घोड्याचे फोटो घेतले, तेव्हा त्याने ते अंतर सेकंदाच्या अगदी लहान अंशावर आणले, आणि घोड्याचे चारही पाय एका क्षणी जमिनीवरून सुटलेले असतात हे जगाला दिसले. फाळक्यांनी तेच अंतर ताणून तासांवर आणि दिवसांवर नेले. एकाने अति जलद ते थांबविले, दुसऱ्याने अति मंद ते पळविले. दोघेही मुळात फोटोग्राफर, ही गोष्ट विसरू नये.

फाळके फोटोग्राफर होते हे आपण फारसे बोलत नाही. चित्रपटसृष्टीचे जनक म्हटले की आधीची वीस वर्षे झाकली जातात. मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत आणि बडोद्याच्या कलाभवनात ते शिकले. गोध्र्याला त्यांनी फोटो-स्टुडिओ काढला. तिथे प्लेगात पहिली पत्नी आणि मूल गेले आणि गाव सुटले. पुढे पुराणवस्तू खात्यात नोकरी, मग लोणावळ्याला ठसे करण्याचा आणि छपाईचा कारखाना. मधल्या काळात जादूचे प्रयोगसुद्धा केले, आपल्या आडनावाची अक्षरे उलटी करून ‘प्रोफेसर केळफा’ या नावाने! एका चित्राच्या हजार प्रती कशा निघतात, रसायनात कागद किती वेळ ठेवायचा, अंधाऱ्या खोलीत हातांनी कसे पाहायचे, हे सारे त्यांच्या बोटांत होते. १९१०-११ च्या सुमारास गिरगावात त्यांनी ख्रिस्ताच्या चरित्राचा मूकपट पाहिला आणि मग दुसरे काही सुचेना. रोज सिनेमे पाहणे आणि रात्री प्रयोग करणे यांत डोळ्यांवर इतका ताण आला की काही काळ दिसेनासे झाले. डॉ. प्रभाकर यांच्या उपचारांनी दृष्टी परत आली. विम्याच्या पॉलिसी गहाण टाकून १९१२ च्या फेब्रुवारीत ते लंडनला गेले आणि तिथून विल्यमसन कंपनीचा कॅमेरा घेऊन आले.

कॅमेरा आला, पण चित्रपट काढायला पैसा कोण देणार? व्यापाऱ्याला दाखवायचे तरी काय? बोलण्यावर विश्वास ठेवून कर्ज देणारा माणूस तेव्हाही दुर्मिळच होता. म्हणून तो वाटाणा. घरच्या घरी, नटनटी नाहीत, पोशाख नाहीत, खर्च फिल्मचा तेवढा. पाहणाऱ्यांत फोटोग्राफीच्या सामानाचे व्यापारी यशवंतराव नाडकर्णी होते, आणि ज्यांनी पुढे कर्ज दिले त्यांत त्यांचे नाव घेतले जाते. बाकीची तोंडमिळवणी सरस्वतीबाईंच्या दागिन्यांनी केली. परदेशातून येणाऱ्या कोऱ्या फिल्मला कडेची भोके नसत. अंधारात बसून ती पाडण्याचे कामही त्यांचेच. ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशनमध्ये ‘राजा हरिश्चंद्र’ लागला, तो असा एका वेलीला धरून चढलेला होता.

पौराणिक चित्रपटांचा एवढा व्याप झाल्यावरही फाळक्यांचा हा नाद सुटला नाही. ‘आगकाड्यांची मौज’ या छोट्या चित्रपटात त्यांनी काड्यापेटीतल्या काड्यांना नाचविले. काडी थोडी सरकवायची, फोटो घ्यायचा, पुन्हा थोडी सरकवायची. हीच युक्ती पुढे प्रमोद पती यांनी जिवंत माणसावर केली. प्रागला जाऊन बाहुल्यांचे चित्रपट शिकून आलेले पती सरकारच्या फिल्म्स डिव्हिजनमध्ये होते. १९७२ च्या ‘आबिद’मध्ये त्यांनी चित्रकार आबिद सुरती यांनाच काडीसारखे वापरले. माणूस थोडा सरकतो, थांबतो, फोटो निघतो. आणि पडद्यावर तो रंगांच्या पसाऱ्यात न चालता घरंगळत राहतो. फिल्म्स डिव्हिजनचे असले लघुपट मुख्य सिनेमाच्या आधी दाखवीत. तेवढ्या वेळात आपण शेंगदाण्याच्या पुड्या आणायला बाहेर जात असू, हे कबूल केलेले बरे.

इथवर फोटोला पळविण्याची गोष्ट झाली. पण पळणाऱ्या सिनेमाला मुद्दाम उभे करणारेही निघाले. क्रिस मार्कर या फ्रेंच दिग्दर्शकाने १९६२ साली ‘ला जेते’ नावाचा सुमारे अठ्ठावीस मिनिटांचा चित्रपट केला, तो जवळजवळ सगळाच फोटोंचा. एक फोटो, निवेदन, दुसरा फोटो. हा चित्रपट मी कॉलेजात असताना एका फिल्म सोसायटीच्या खेळाला पाहिला. पहिली दहा मिनिटे ‘यापेक्षा लग्नाचा अल्बम बरा’ असे वाटत होते. मग एक निजलेली स्त्री येते. तिचे एकामागून एक फोटो येत राहतात. आणि एकाएकी ती डोळे उघडते. खरोखरीच उघडते, पापण्या हलतात. सगळ्या चित्रपटात हालचाल एवढीच, काही सेकंदांची. शेजारच्या खुर्चीतल्या मित्राने माझा दंड धरल्याचे मला अजून आठवते. आयुष्यभर हालती चित्रे पाहिलेल्या आम्हां दोघांना पापणी हलल्याचे नवल वाटले!

सत्यजित रायांनी १९६४ च्या ‘चारुलता’त याच्या उलटे केले. शेवटी पती-पत्नींचे हात एकमेकांकडे येतात आणि भेटण्याआधीच चित्र थिजते. ते हात पुढे भेटले का, यावर आमच्या घरी एकदा जेवण थंड होईपर्यंत वाद झाला होता.

या साऱ्या विचाराचे एक मोठे ठाणे आपल्या पुण्यातच आहे. लॉ कॉलेज रस्त्यालगत प्रभात कंपनीच्या जागेवर १९६० साली फिल्म इन्स्टिट्यूट निघाली. ऋत्विक घटक तिथे शिकवायला होते, आणि त्यांचे शिष्य मणि कौल यांनी १९६९ साली ‘उसकी रोटी’ हा चित्रपट केला. ट्रक-बसच्या रस्त्यावर नवऱ्यासाठी भाकरी घेऊन ताटकळणाऱ्या बाईची ती गोष्ट. कॅमेरा के. के. महाजनांचा, तेही इथलेच विद्यार्थी. चित्र इतका वेळ एका जागी ठरते की प्रेक्षक चुळबुळ करू लागतो, ‘फिल्म अडकली की काय’ म्हणून मागे वळून पाहतो. मीही पाहिले. तो चित्रपट मला आवडला असे म्हणण्याचे धाडस माझ्याच्याने होत नाही. पण त्या बाईचे उभे राहणे मात्र मी विसरलेलो नाही, आणि आवडलेले कितीतरी चित्रपट साफ विसरलो आहे.

इन्स्टिट्यूटपासून जवळच जयकर बंगल्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे. १९६४ साली ते सुरू झाले आणि पी. के. नायर यांनी गावोगाव हिंडून, फाळक्यांच्या मुलांकडून, गोदामांतून, जुन्या थिएटरांच्या अडगळीतून रिळे गोळा केली. फाळक्यांचा ‘कालियामर्दन’ आज बराचसा पाहायला मिळतो तो त्यामुळे. चित्रपट कसा करतात हे दाखविणाऱ्या एका फितीचा तुकडाही आहे. त्यात स्वतः फाळके काम करताना दिसतात. पण भारतात झालेल्या सुमारे १,३०० मूकपटांपैकी जेमतेम तीसेक उरले, तेही पुष्कळसे तुटके. नायट्रेटची ती फिल्म जातीने बंदुकीच्या दारूची बहीण. एकदा पेटली की पाण्यालाही जुमानत नाही. ८ जानेवारी २००३ रोजी पुण्यातच नायट्रेट फिल्मच्या कोठाराला आग लागून जुन्या चित्रपटांची राख झाली. आगीतून वाचलेली काही रिळे पूर्वी चांदीसाठीही गेली. फिल्मवरच्या थरात चांदी असते, ती काढून घेऊन पट्टी फेकून देत.

वाटाण्याचा सिनेमा आज नाही. ‘आलम आरा’, १९३१ चा आपला पहिला बोलपट, तोही नाही. राहिले आहेत ते फोटो. आणि यातली मौज पाहा, हे फोटो त्या चित्रपटातले नसतातच! शॉट झाला की स्थिरचित्रांचा फोटोग्राफर पुढे येई आणि नटनटींना ‘तसेच थांबा’ म्हणून वेगळ्या कॅमेऱ्याने फोटो घेई, जाहिरातीसाठी. हालले ते नष्ट झाले, आणि क्षणभर न हालता उभे राहिले ते तेवढे पुस्तकांतून छापले जात आहे.

आता तो पत्र्याचा डबा.

१२ जुलै १९६१ रोजी पानशेत फुटले तेव्हा आम्ही नारायण पेठेत तळमजल्यावर राहत होतो. फोटोंची ट्रंक पाण्यात दोन दिवस होती. उघडली तेव्हा चेहरे धुऊन गेलेले आणि पुठ्ठे तेवढे राहिलेले. आईचा एकही फोटो वाचला नाही, आणि नंतर तिने काढू दिला नाही. कॅमेरा दिसला की स्वयंपाकघरात जाई. १९६६ च्या दिवाळीत आमचे एक मामा नैरोबीहून आले ते आठ मिलिमीटरचा सिने-कॅमेरा घेऊन. वाड्यातली दिवाळी त्यांनी टिपली. धुऊन आलेली फिल्म भिंतीवर चादर लावून आम्ही दोनदा पाहिली. मी चौदा वर्षांचा होतो. मला फक्त मी उडविलेले भुईनळे पाहायचे होते. मग मामा गेले, प्रोजेक्टर गेला, रीळ माळ्यावर गेले. १९७१ साली आई गेली.

डबा उघडला तेव्हा नासलेल्या लोणच्यासारखा आंबूस वास आला. जुन्या अ‍ॅसिटेट फिल्मचा आजार तो. एकदा लागला की उलटत नाही. एरंडवण्यात एक तरुण अशा फिती संगणकावर उतरवून देतो. त्याने दोन आठवडे खटपट केली. बहुतेक रीळ वेटोळ्याला वेटोळे चिकटून दगड झाले होते. माझे भुईनळे गेले. सलग आणि स्वच्छ अशी अकरा चित्रे निघाली, मूळची एकेक मुगाच्या दाण्याएवढी. त्यांत आई आहे. तुळशीवृंदावनापाशी पणती ठेवून ती उठते आहे, कुणीतरी हाक मारल्यासारखी वळते, कॅमेरा पाहते आणि पदर पुढे घ्यायला हात उचलते. तेवढ्यात अकरा संपतात.

नातीने ती मोबाईलमध्ये ओळीने लावली. आता ती या कामात माझ्यापेक्षा मुरलेली होती. वाटाण्याचा दुसरा प्रयोग तिने दिवसाला वीस फोटो घेऊन पुरा केला होता. सेकंदाला सोळा लावली तर आई विजेसारखी चमकून जाई. पाऊण सेकंदसुद्धा नाही. एकेक चित्र सेकंदभर ठेवले तर ते नुसते फोटो होत, आणि फोटोत ती कुणी परकी, अवघडलेली बाई वाटे. “किती ठेवू, आजोबा?” नातीने विचारले. आम्ही आठ लावून पाहिली. हालचाल धक्क्याधक्क्याने होत होती, आणि एकदम ती आई झाली. ती तशीच होती. तिचे कुठलेच काम सावकाश नव्हते.

माझी थोरली बहीण आता ऐंशीची आहे. तिला मुद्दाम बोलावून दाखविले. ती काही बोलली नाही, “परत लाव,” म्हणाली. नातीने परत लावले. पाच-सहा वेळा पाहिल्यावर ताई मला म्हणाली, “हातात पाटल्या आहेत रे तिच्या.”

“पण त्या पुराच्या वेळी मोडल्या ना? घर पुन्हा उभं करायला?”

“तुला तसं सांगितलं होतं.”

“मग कधी मोडल्या?”

ताईने चष्मा काढून पदराने पुसला. “तू इंजिनिअरिंगला गेलास ते साल कोणतं?”

मी नातीला नववे चित्र थांबवून ठेवायला सांगितले.